निकाल लागेपर्यंत पगार पुरा द्या



आदिवासी कर्मचाऱ्यांच्या संघटनेत अध्यक्षाला माइक एकदाच मिळतो. स्वागतगीत आणि सत्कारांत तासभर गेला, तेव्हा आता गोड बोलायला सवड नाही. ‘हे निवडून आले तर जमात वैधतेचंच पुराण लावतील,’ असा प्रचार झाला होता. तो खरा करूनच खाली बसतो.

पडताळणी समितीपुढे जमातीचा दावा प्रलंबित आहे, एवढ्यावरून वेतनवाढ, पदोन्नती, निवृत्तीनंतरचं उपदान अडवलं जातं. तपासणी नको असं कुणी म्हटलंय? आदिवासींच्या जागा लाटणाऱ्यांवर आपला राग आहेच, तो राहणारच. पण उशीर करायचा यंत्रणेनं आणि दंड भरायचा आमच्या गुरुजीनं, ग्रामसेवकानं, नर्सबाईनं?

1994 साली माधुरी पाटील प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं पडताळणीची चौकट घालून दिली. चौकशी दोन महिन्यांच्या आत संपवावी, हेही त्यातच आहे. तेवढं सोडून बाकी सगळं कार्यालयांना तोंडपाठ! 2017 च्या जगदीश बहिरा निकालानं अवैध दाव्यांवर नोकरीत असलेल्यांना संरक्षण नाकारलं. त्यावर सरकारनं 21 डिसेंबर 2019 च्या निर्णयानं अशा कर्मचाऱ्यांसाठी 11 महिन्यांची अधिसंख्य पदं काढली. त्यांच्या ताटातलं मला ओढायचं नाही, त्यांनाही लेकरंबाळं आहेत. पण ज्यांचा दावा फेटाळला गेला त्यांच्यासाठी शासन निर्णय निघतो आणि ज्यांचा फेटाळलेलाच नाही त्यांच्या फायलीवर धूळ बसते, हा कुठला न्याय?

माझंच घ्या. शिक्षक म्हणून माझ्या निवड श्रेणीचा प्रस्ताव लाल शाईच्या शेऱ्यासह परत आला: ‘वैधता प्रमाणपत्र जोडलेले नाही.’ पण निवडणुकीच्या ड्युटीचा आदेश त्याच टेबलावरून बिनबोभाट आला. मतपेटी डोक्यावर घेऊन ओढा ओलांडताना माझी जमात कुणी पडताळली नाही.

आमच्या घरी पडताळणीसाठी दक्षता पथक आलं तेव्हा आई अंथरुणावर होती. प्रश्न सुरू झाले. कुलदैवत कोणतं, हळदीला काय करता, मेलेल्या माणसाचं काय करता? आई म्हणाली, ‘मी अजून मेले नाही रं बाबा, मेल्यावर ये, बघशील.’ साहेबांनी तेही लिहून घेतलं. अशी चालीरीती जुळवून पाहणारी अ‍ॅफिनिटी टेस्ट म्हणजे अंतिम कसोटी नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयानं मार्च 2023 मध्ये स्पष्ट केलं. आई तोवर थांबली नाही.

आता माझा आवडता विषय, हसू नका. मी मुख्याध्यापक होतो. ज्यांतल्या नोंदींवर दावे उभे राहतात ती 1950 पूर्वीची दाखल-खारीज रजिस्टरं आमच्या शाळेत खिचडीच्या तांदळाशेजारी ठेवलेली असत. पान उलटलं की कोपरा हातात यायचा. एखाद्या मास्तरानं घाईत नुसतं ‘कोळी’ लिहिलं किंवा पुढचं ‘महादेव’ वाळवीनं खाल्लं की तीन पिढ्या तारखांना हेलपाटे घालतात. ही रजिस्टरं स्कॅन करून तालुक्याला ठेवा, हे मी दर अधिवेशनात सांगतो. टाळ्या पडतात आणि जेवणाची घंटा होते.

मागच्या अध्यक्षांनी वैधतेचा विषय घेतला नाही, कारण त्यांची प्रकृती बरी नव्हती. त्यांना दोष नाही. आपले वकील मित्र तर पदरमोड करून लढले. पण क्रांतिवीर राघोजी भांगऱ्यांच्या तसबिरीला हार घालून संध्याकाळी मंत्र्यांच्या बंगल्यावर फोटोला उभे राहणारेही आपल्यातच आहेत. नाव घेत नाही. पहिल्या रांगेत कुणी घाम पुसू लागलं, तर तो उन्हाचा समजावा.

ठराव मांडतो. एक, कर्मचाऱ्यानं कागद वेळेत दिले असतील तर निकाल लागेपर्यंत पूर्ण वेतन, वेतनवाढ आणि निवृत्तीचे लाभ मिळावेत. दोन, मुदत उलटली तर विलंबाचा जाब संबंधित अधिकाऱ्याला विचारावा. तीन, रजिस्टरं वाचवावीत.

ज्यांना मान्य आहे त्यांनी हात वर करा. ज्यांना मान्य नाही त्यांनीही करा, म्हणजे वर्षभर कोण कुठे होतं ते आम्हाला कळेल. आणि सचिवसाहेब, इतिवृत्तात ‘चर्चा झाली’ एवढंच लिहू नका; हात मोजा आणि आकडा लिहा.