‘आक्रीत’मधली रुही



आपल्या भोसरीत एमआयडीसीतल्या कामासाठी परभणी-बीडकडून कितीतरी कुटुंबं आली. त्यातल्या जुन्या बायांसमोर मानवतचं नाव काढलं, तर आजही अंगावर काटा येतो. परभणी जिल्ह्यातल्या या गावात १९७२ ते १९७४ या काळात मुलींचे, बायांचे खून पडले. नरबळीचं ते प्रकरण देशभर गाजलं.

त्यावरून अमोल पालेकरांनी १९८१ साली ‘आक्रीत’ हा मराठी सिनेमा काढला. दिग्दर्शक म्हणून त्यांचा हा पहिलाच. ‘रजनीगंधा’, ‘गोलमाल’मधला साधासुधा तरुण म्हणून लोक त्यांना ओळखायचे. इथं मात्र त्यांनी मुकुटराव हा निर्दयी माणूस उभा केला. लेखन विजय तेंडुलकरांचं. मुकुटरावानं ठेवलेली बाई म्हणजे रुही. ते काम चित्रा पालेकरांनी केलं.

रुहीला मूल नाही. वय उतरत चाललंय. मूल झालं नाही तर हा आपल्याला टाकील, ही भीती तिला पोखरते. त्या भीतीचा ध्यास होतो. कोवळ्या मुलींचा बळी दिला की कूस उजवेल, हे तिला खरं वाटू लागतं. तिचा गुन्हा माफ करण्यासारखा नाहीच. पण मूल नसलेल्या बाईला किंमत नाही, हे तिच्या मनात कुणी भरवलं?

ते आपणच भरवतो, बायांनो. हळदीकुंकवाला तिला वगळतो, ओटी भरताना तिला मागं सारतो. मग ती कुणा बाबाच्या दारात गेली, की नवल करतो.

नरेंद्र दाभोलकरांच्या खुनानंतर, २०१३ साली, आपल्या राज्यात जादूटोणाविरोधी कायदा झाला. अघोरी उपायाला सहा महिने ते सात वर्षं कैद आणि पाच ते पन्नास हजार रुपये दंड आहे. कुठं असं काही कानावर आलं, तर सरळ पोलिसांत सांगा.

पण कायदा येतो तो शेवटी. त्याआधी आपण आहोत. गटात अशी कुणी असेल, तर तिला जवळ बसवा. नवरा-बायको दोघांनाही दवाखान्यात पाठवा. दोष पुरुषातही असतो, तपासणी दोघांचीही लागते. आणि ओटी भरायची वेळ आली, तर पहिल्यांदा तिच्या हातून भरा.