दोरा आणि दुकान

सदऱ्याचे बटण तुटले म्हणजे घरात दोऱ्याच्या रिळाची शोधाशोध सुरू होते. एरवी त्याची आठवण कोणालाही होत नाही. पाव, दूध, भाजी यांची गोष्ट निराळी. त्यांची आठवण रोज सकाळी होते. या दोन अगदी भिन्न वस्तूंचा व्यापार अमेरिकेतील एका कंपनीने एकाच छत्राखाली बेचाळीस वर्षे चालविला. तिचे नाव रडिक कॉर्पोरेशन. ती वाढली कशी, आणि वाढता वाढता तिचे दोन भाग एकमेकांपासून दूर का गेले, हे पाहण्यासारखे आहे.

अमेरिकेच्या आग्नेय भागात उत्तर कॅरोलायना नावाचे राज्य आहे. तेथील शार्लट शहराच्या पश्चिमेस एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस सूतगिरण्यांची दाट वस्ती झाली. कापूस जवळ पिकत होता, नद्यांचे पाणी होते, आणि शेतीवर पोट न भरणारी गरीब कुटुंबे गिरणीत येण्यास तयार होती. माउंट हॉली हे याच भागातील एक लहानसे गाव. तेथील सूत व्यवसायाचा एक धागा 1891 पर्यंत मागे जातो. 1952 मध्ये माउंट हॉलीची कंपनी आणि एफर्ड घराण्याची गिरणी यांचे एकीकरण होऊन ‘अमेरिकन अँड एफर्ड’ ही कंपनी उभी राहिली. कारखान्यांतून कपडे शिवण्यासाठी लागणारा दोरा तयार करणे, हे पुढे तिचे मुख्य काम झाले.

दुकानांची कथाही याच मुलखातली. 1930 नंतरच्या मंदीच्या काळात शार्लट येथे हॅरिस नावाच्या गृहस्थांनी आणि जवळच्या मूर्सव्हिल गावी टीटर यांनी आपापली खाद्यवस्तूंची दुकाने काढली. 1960 मध्ये हे दोन्ही धंदे एक झाले आणि ‘हॅरिस टीटर’ या नावाची सुपरमार्केटे सुरू झाली.

या दोहोंना एकत्र आणणारे घराणे डिक्सन यांचे. रश डिक्सन यांनी 1919 मध्ये गॅस्टोनिया येथे भागभांडवलाच्या व्यवहाराची पेढी काढली होती, आणि गिरण्यांचे शेअर हा तिचा विशेष होता. त्यांचे पुत्र स्टुअर्ट आणि ॲलन यांनी 1968 मध्ये ही पेढी आणि अमेरिकन अँड एफर्ड यांना एकत्र करून रडिक कॉर्पोरेशनची स्थापना केली. पुढच्याच वर्षी हॅरिस टीटर विकत घेतले. मध्यवर्ती कचेरी लहान ठेवली. दुकानदारी दुकानदारांनी पाहावी, गिरणी गिरणीवाल्यांनी पाहावी, आणि भांडवल कोठे घालावयाचे एवढे वरच्यांनी ठरवावे, अशी व्यवस्था होती.

ही जोडी वरवर विजोड दिसते. परंतु तिच्यात व्यवहाराची एक समज होती. किराणा दुकानात नफ्याचे प्रमाण फार थोडे असते. शंभर डॉलरांची विक्री झाली तर हाती दोनतीन डॉलर राहिले तरी दुकान बरे चालले असे समजतात. मात्र पैसा रोख येतो, माल झटपट खपतो, आणि मंदी आली तरी माणसे जेवावयाची थांबत नाहीत. दोऱ्याचे तसे नाही. तेथे यंत्रे लागतात, रंगाई लागते, शेकडो छटांचा साठा तयार ठेवावा लागतो आणि गिऱ्हाइकाला उधारी द्यावी लागते. कपड्यांचा खप मंदावला की दोऱ्याचा खप लगेच घटतो. उलट बरे दिवस असले तर त्यात दुकानापेक्षा चांगला नफा सुटतो. एकाचा सुकाळ दुसऱ्याच्या दुष्काळात उपयोगी पडावा, हा या संसाराचा मूळ हिशेब होता.

आता वाढीचा विचार. दुकानांच्या बाबतीत कंपनीने प्रारंभी संख्येवर भर दिला. 1988 मध्ये तिने ‘बिग स्टार’ या नावाची 52 दुकाने एकदम घेतली. परंतु याच राज्यात ‘फूड लायन’सारखी स्वस्ताईवर चालणारी मोठी साखळी होती, आणि पुढे वॉलमार्टची अजस्र दुकानेही खाद्यवस्तू विकू लागली. केवळ किमतीच्या चढाओढीत त्यांच्याशी टक्कर देणे कठीण होते. तेव्हा हॅरिस टीटरने दुसरा मार्ग धरला. ताजी भाजी व मासळी, उत्तम मांस, तयार पदार्थ, स्वच्छ मांडणी आणि नोकरांचे अगत्य यांवर तिने भर दिला. चार पैसे अधिक देण्याची ऐपत असलेले गिऱ्हाईक जेथे राहते, तेथे दुकाने उघडली. शतकाच्या आरंभी तिने दक्षिणेकडील काही दुकाने काढून टाकली आणि वॉशिंग्टनच्या आसपासच्या संपन्न उपनगरांकडे मोर्चा वळविला. जेथे आपली चाल चालत नाही तेथून निघून जाणे आणि जेथे चालते तेथे मुळे घट्ट रोवणे, हे तिचे धोरण झाले.

दोऱ्याला मात्र असे एका मुलखात मुळे रोवणे शक्य नव्हते. शिलाईच्या कारखान्यात दोऱ्याचा खर्च एकंदर कपड्याच्या मानाने अगदी किरकोळ असतो. पण हव्या त्या छटेचा दोरा वेळेवर मिळाला नाही, तर शेकडो यंत्रे आणि ती चालविणारी माणसे हातावर हात ठेवून बसतात. दोरा कच्चा निघाला तर सबंध कपडा वाया जातो. म्हणून जेथे शिलाई, तेथेच जवळपास दोरा तयार असावा लागतो. आणि शिलाई तर अमेरिका सोडून चालली होती. 1994 मध्ये अमेरिका, कॅनडा आणि मेक्सिको यांच्यातील व्यापाराचा करार अमलात आला. 1 जानेवारी 2005 रोजी कपड्यांच्या आयातीवरील जुनी जागतिक कोटापद्धती संपली. सदरे आणि विजारी मध्य अमेरिकेत, चीनमध्ये, आशियाच्या इतर देशांत शिवल्या जाऊ लागल्या. अमेरिकन अँड एफर्डला गिऱ्हाइकांच्या पाठोपाठ जावे लागले. तिने परदेशांत कारखाने व गुदामे उभारली, काही ठिकाणी स्थानिक भागीदार घेतले. भारतातही लुधियानाच्या वर्धमान समूहाशी तिची भागीदारी झाली, तेव्हा या कथेचे एक टोक आपल्या देशापर्यंत येऊन पोचलेले आहे.

अशा रीतीने एका कंपनीची दोन पावले दोन दिशांना पडू लागली. दुकानाची वाढ म्हणजे घराजवळ राहणे, आणि दोऱ्याची वाढ म्हणजे घर सोडणे. कंपनीच्या कागदांवर दोहोंचे नाव ‘वाढ’ हेच होते. परंतु माउंट हॉलीच्या परिसरातील कामगाराला दोहोंचा अर्थ सारखा नव्हता. परदेशांत दोऱ्याचे कारखाने वाढत असता अमेरिकेतील काही कारखाने बंद झाले. त्या साऱ्या मुलखाचेच दिवस फिरले होते. शार्लटच्या ईशान्येस कनॅपोलिस येथे चादरी व टॉवेल करणारी पिलोटेक्स कंपनी होती. जुलै 2003 मध्ये ती बंद पडली तेव्हा एकट्या त्या गावाच्या परिसरात चार हजारांहून अधिक माणसे बेकार झाली. ज्यांनी मुंबईच्या गिरणगावाचे किंवा इंदूरच्या गिरण्यांचे भोंगे थांबलेले पाहिले आहेत, त्यांना त्या शांततेचा अर्थ समजावून सांगण्याची आवश्यकता नाही.

रडिकचा दोऱ्याचा धंदा पिलोटेक्ससारखा बुडाला नाही, ही गोष्ट मान्य केली पाहिजे. दुकानांचा पैसा पाठीशी असल्याने त्याला समुद्र ओलांडण्यास अवधी मिळाला. सुपरमार्केटाच्या गल्ल्यावर जमणाऱ्या नाण्यांनी दूरदेशीच्या रंगाईच्या टाक्या भरल्या, असे म्हटले तर अतिशयोक्ती होणार नाही. परंतु आधार देणारा मोठा होत गेला आणि आधार घेणारा तेवढाच राहिला. 2010 च्या सुमारास कंपनीची वार्षिक विक्री सुमारे 440 कोटी डॉलर होती. त्यात दोऱ्याचा वाटा जेमतेम 30 कोटींचा, म्हणजे शंभरात सातांचा. एके काळी ज्या गिरणीच्या बळावर कंपनी जन्मली, ती गिरणी आता घरातील धाकटी जाऊ झाली होती. रडिकचा भाग विकत घेणाऱ्याला बहुधा सुपरमार्केट हवे असे. दोऱ्याचे गणित त्याला परके वाटे.

1997 पासून कंपनीची सूत्रे टॉमस डिक्सन यांच्याकडे होती. ते त्याच घराण्यातील, आणि प्रमुखपदी येण्यापूर्वी त्यांनी दोऱ्याच्या शाखेत वरिष्ठ पदावर काम केलेले. त्यांच्याच कारकिर्दीत, 2011 च्या नोव्हेंबरात, अमेरिकन अँड एफर्ड ही कंपनी केपीएस कॅपिटल पार्टनर्स या गुंतवणूक संस्थेला सुमारे 18 कोटी डॉलरांना विकण्यात आली. 2012 मध्ये रडिक हे नावही गेले आणि कंपनी ‘हॅरिस टीटर सुपरमार्केट्स’ झाली. पण सुटसुटीत झालेल्या कंपनीला गिऱ्हाईकही लवकर मिळते. 2014 च्या जानेवारीत क्रोगर या बलाढ्य साखळीने ती सुमारे 250 कोटी डॉलरांना घेतली. दोऱ्याच्या कंपनीने त्याच वर्षी जर्मनीची गुटरमान ही 1864 पासूनची नामांकित कंपनी आपल्यात सामावून घेतली, आणि 2019 मध्ये ती स्वतः ‘एलिव्हेट टेक्स्टाइल्स’ या मोठ्या समूहाचा भाग झाली.

या धोरणाचे मोल कसे करावे? भागधारकाच्या दृष्टीने पाहिले तर ते फळास आले. दोन्ही धंदे जगले, दोहोंना चांगले खरेदीदार मिळाले. भिन्न स्वभावाच्या दोन व्यवसायांनी एकमेकांना पडत्या काळात हात देणे ही चांगली गोष्ट आहे, आणि प्रत्येकाची वाट वेगळी झाल्यावर मोहात न पडता हात सोडणे हाही शहाणपणाच आहे. तथापि हा हिशेब लिहिताना एक रकाना रिकामा राहतो. धंद्याला सावरण्यासाठी दुसरा धंदा होता. तसा एका धंद्याच्या माणसाला दुसरा धंदा मिळाला का? चाळिशी उलटलेल्या सूत कातणाऱ्या बाईला सुपरमार्केटच्या गल्ल्यावर बसता आले असेल; पण दुकाने उघडत होती ती वॉशिंग्टनच्या उपनगरांत, आणि तिचे घर, तिचे चर्च, तिची मुले गिरणीच्या गावात.

ज्या कंपन्या आपल्याकडे एका हाताने बाजार आणि दुसऱ्या हाताने कारखाना चालवितात, त्यांच्या वार्षिक सभांतून वाढीचे आकडे वाचले जातात तेव्हा हा रकाना कोणीतरी विचारावा. त्याचे उत्तर आधीच तयार ठेवणारा मालक कामगाराला पुढच्या वाटेची तयारी करून देण्यास दोन वर्षे अगोदर लागेल. दोऱ्याची टाके घालण्याची वेळ कापड फाटल्यावर येते; पण रीळ मात्र घरात आधीच आणून ठेवावे लागते.