दादर टी.टी.चा रस्ता

आज मुंबईतल्या एका रस्त्याची माहिती सांगणार आहे. आपल्या गावाकडच्या रेडिओवर मुंबईचा रस्ता कशाला, असं वाटेल. पण आपल्यापैकी कितीजणींचे सासरे, चुलते या रस्त्याजवळच्या गिरण्यांत होते आणि आज कितीजणी पेशंटला घेऊन त्याच रस्त्याने जातात, ते आठवून बघा.

हा रस्ता म्हणजे डॉ. बाबासाहेब आंबेडकर मार्ग. भायखळ्याहून राणीची बाग, लालबाग, परळ, हिंदमाता, दादर, माटुंगा असा तो शीवपर्यंत जातो. १८९६ साली मुंबईत प्लेग आला. दाटीवाटीच्या वस्तीत तो झपाट्याने पसरला. मग १८९८ मध्ये शहर सुधारण्यासाठी ट्रस्ट नेमला गेला आणि पुढे दादर-माटुंग्याला रुंद रस्त्यांची, मोकळी वस्ती आखली गेली. तिथल्याच हिंदू कॉलनीत बाबासाहेबांचं ‘राजगृह’ आहे.

या रस्त्यावरून ट्राम धावायची. मुंबईत पहिली ट्राम १८७४ साली आली, ती घोडे ओढायचे. १९०७ पासून विजेची ट्राम सुरू झाली. शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ च्या रात्री बोरीबंदरहून दादरला गेली. निरोप द्यायला लोक रस्त्यावर जमले होते. ट्राम संपली, नाव मात्र राहिलं. दादर टी.टी. म्हणजे ट्राम टर्मिनस, ट्रामचा शेवटचा थांबा. आजही बसचा कंडक्टर ‘टी.टी.’च म्हणतो.

लालबाग-परळ हे गिरणगाव. कोकणातून, घाटावरून आलेले कामगार दहा-बारा जण मिळून एका खोलीत राहायचे, पाळी बदलली की झोपायची जागाही बदलायची. त्यांना जेवू घालायच्या खाणावळवाल्या बाया. पहाटे चूल पेटवायची, दोन्ही वेळचे डबे करायचे आणि पैसे मिळायचे महिन्याच्या पगाराला. तोवर वाण्याची उधारी, सावकाराचं व्याज, नाहीतर अंगावरचं डोरलं गहाण. १९७५ साली प्रेमाताई पुरव यांनी या बायांना एकत्र करून अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं. एकमेकींच्या जबाबदारीवर बँकेचं कर्ज मिळवून दिलं. आपण आज बचत गटात जे करतो, तेच त्यांनी तेव्हा केलं होतं. तारण नव्हतं, एकमेकींचा शब्द होता.

जानेवारी १९८२ मध्ये गिरण्यांचा संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले. बरेच जण गावी परतले ते कायमचेच. जेवणारे गेले, तशी खाणावळींची चूलही थंडावली. आज गिरण्यांच्या जागी टॉवर आहेत. कामगारांच्या लढ्याबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं. पण त्यांना जेवू घालणाऱ्या बहुतेक बायांची नावं कुठेच लिहिलेली नाहीत. तुमच्या घरात अशी कुणी आजी, मावशी असेल तर तिचा हिशेब, तिचे अनुभव विचारून वहीत लिहून ठेवा.

आता कामाचं. केईएम आणि टाटा ही दोन्ही रुग्णालयं परळला, या रस्त्याच्या पूर्वेला आहेत. रेल्वेने दादरला उतरलात तर पूर्वेला बाहेर या आणि टी.टी.चा रस्ता विचारा. तिथून परळकडे जाताना आधी हिंदमाता लागतं. रुग्णालयं डाव्या हाताच्या बाजूला, थोडी आत आहेत. जोराच्या पावसात हिंदमाताला पाणी तुंबतं, तेव्हा तपासणीची वेळ सकाळची असेल तर आदल्या दिवशीच पोचलेलं बरं. फाइल, आधार कार्ड आणि नातेवाइकांचे फोन नंबर कागदावर लिहून पिशवीत ठेवा, मोबाइलच्या भरवशावर राहू नका.

आणि ताई, ‘मला मुंबईतलं काही कळत नाही’ म्हणून तपासणी पुढे ढकलू नका. पुढच्या बैठकीत तुमच्या गटात मुंबईला जाऊन आलेल्या कोण आहेत, ते विचारा. त्यांच्याकडून वाट समजून घ्या, जमलं तर एकीला सोबत न्या. त्या खाणावळवाल्या एकमेकींच्या भरवशावर बँकेत गेल्या, आपण दवाखान्यात नक्की जाऊ शकतो.