घरोघरींचा नट : विक्रम गोखले

नट पाहावयाचा तर नाटकगृहांत जावें, अशी पूर्वीं रीत होती. तिकीट काढावें, नेमल्या वेळीं जाऊन बसावें, आणि पडदा पडला कीं घरची वाट धरावी. दूरचित्रवाणीनें हा क्रम उलटा केला. आतां नटच आपल्या घरीं येतो. तोहि रोज, बहुधा जेवणाचीं पानें मांडलीं जात असतां. अशा रीतीनें मराठी घरांत वडीलधाऱ्या माणसासारखे जे वावरले, त्या विक्रम गोखले यांच्या कलाजीवनाचा थोडक्यांत परामर्श घेणें बोधप्रद होईल.

त्यांचा जन्म १४ नोव्हेंबर १९४५ रोजीं पुण्यांत झाला. त्यांच्या घरीं अभिनय ही हौस नव्हती, चरितार्थ होता. पणजी दुर्गाबाई कामत आणि आजी कमलाबाई या मायलेकींनीं १९१३ सालीं दादासाहेब फाळके यांच्या 'मोहिनी भस्मासुर' या मूकपटांत पार्वती आणि मोहिनी यांच्या भूमिका केल्या. त्याच वर्षीं आलेल्या 'राजा हरिश्चंद्र' मधील तारामती पुरुषानें वठविली होती, हें ध्यानांत घेतलें म्हणजे या दोघींच्या धैर्याची कल्पना येते. वडील चंद्रकांत गोखले यांनीं नाटक आणि बोलपट यांतच आयुष्य वेचलें. एवंच, करमणुकीचें प्रत्येक नवें साधन आलें तेव्हां हें घराणें त्याच्या उंबरठ्यावर उभें होतें. दूरचित्रवाणी तेवढी राहिली होती. ती चौथ्या पिढीच्या वांट्यास आली.

परंतु विक्रम गोखले यांनीं आपली विद्या कसाला लाविली ती रंगभूमीवर. १९७७ सालीं विजया मेहता यांनीं जयवंत दळवी यांचें 'बॅरिस्टर' हें नाटक रंगभूमीवर आणलें. मनानें सुधारक, पण कृतीची वेळ येतांच दुबळा ठरणारा तो विलायतेहून परतलेला गृहस्थ गोखल्यांनीं असा उभा केला कीं, त्यांचें नांव आणि ती भूमिका पुढें जोडीनेंच उच्चारलीं जाऊं लागलीं. त्यांच्या अभिनयाचें मर्म शब्दांपेक्षां विरामांत होतें. वाक्य अर्ध्यावर थांबवावें, समोरच्याकडे शांतपणें पाहावें, आणि उरलेलें वाक्य प्रेक्षकाच्या मनांत पुरें होऊं द्यावें, ही त्यांची पद्धति.

ज्या दैनंदिन मालिकांनीं त्यांना घरोघर पोंचविलें, त्या प्रकाराचें मूळ नभोवाणींतच आहे, हें ऐकून श्रोत्यांस नवल वाटेल. १९३० च्या सुमारास अमेरिकेंत गृहिणींसाठीं दुपारच्या वेळीं कथा थोडी थोडी करून ऐकविण्याचा प्रघात पडला. खर्च पुष्कळदां साबणाचे कारखानदार सोशीत. म्हणून त्या कथांना थट्टेनें साबणाचीं नाटकें म्हणूं लागले. 'गायडिंग लाइट' नांवाची अशी एक कथा १९३७ सालीं नभोवाणीवर सुरू झाली, १९५२ सालीं दूरचित्रवाणीवर गेली आणि २००९ सालापर्यंत चालली. आपल्याकडे दूरदर्शनवर १९८४ सालीं आलेल्या 'हम लोग' मालिकेनें ही वाट पाडली.

रोजची मालिका ही नटाची मोठी कसोटी असते. नाटकाला तालमी मिळतात; येथें संवाद पुष्कळदां चित्रणाच्याच दिवशीं हातीं पडतात. कथेचा शेवट काय, हें नटालाहि ठाऊक नसतें. लोकांना ती आवडली तर लांबते, न आवडली तर गुंडाळली जाते. अशा घाईंत नट सवयीचा दास होतो. तेंच हसणें, तेंच कपाळाला हात लावणें. गोखल्यांचा विशेष हा कीं, रंगभूमीवर कमावलेला विराम त्यांनीं या घाईंतहि सोडला नाहीं. कॅमेरा चेहऱ्याजवळ येतो तेव्हां मोठा हावभाव खोटा वाटतो, आणि साधी पापणी लवली तरी ती दिसते, हें त्यांनीं ओळखलें होतें.

१९९० च्या सुमारास गाजलेल्या 'उडान' मध्यें पोलीस अधिकारी होऊं पाहणाऱ्या मुलीच्या पाठीशीं उभा राहणारा बाप त्यांनीं साकारला. पुढें 'या सुखांनो या' या मालिकेंत आणि २००८ सालीं सुरू झालेल्या 'अग्निहोत्र' मध्यें ते कुटुंबांतील जाणते पुरुष म्हणून दिसले. 'बॅरिस्टर' करणाऱ्या नटानें आपली शक्ति अशा मालिकांत कां खर्चावी, असा प्रश्न रसिक करीत. प्रश्न रास्त आहे. नाटकाची भूमिका स्मरणांत राहते. मालिकेचे शेंकडों भाग वाहून जातात. परंतु ज्या आजींना जिना उतरवत नाहीं, ज्या खेड्यांत नाटक मंडळी कधीं उतरली नाहीं, त्यांनीं चांगला अभिनय पाहावा तरी कोठें? तो त्यांच्या दारीं नेणें हें हलकें काम खास नव्हे.

पुढें दैवानेंहि या प्रश्नाला एक उत्तर दिलें. घशाच्या विकारामुळें २०१६ सालीं त्यांना रंगभूमीचा निरोप घ्यावा लागला. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोंचविणें आतां शक्य नव्हतें. कॅमेऱ्यापुढें मात्र हलका आवाजहि पुरेसा होता. 'अनुमती' या चित्रपटांत पत्नीच्या उपचारासाठीं वणवण करणारा निवृत्त शिक्षक त्यांनीं याच संयमानें रंगविला होता. त्यासाठीं २०१२ चा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना इरफान खान यांच्यासह विभागून मिळाला. रंगभूमीवरील अभिनयासाठीं संगीत नाटक अकादमीचा २०११ चा पुरस्कारहि त्यांना लाभला होता.

नोव्हेंबर २०२२ मध्यें ते पुण्याच्या रुग्णालयांत अत्यवस्थ असतांनाच त्यांच्या निधनाची वार्ता देशभर पसरली. श्रद्धांजल्या वाहिल्या गेल्या, आणि ते हयात आहेत असें कुटुंबियांस सांगावें लागलें. २६ नोव्हेंबर रोजीं त्यांचा खरोखरच अंत झाला, आणि अंत्यदर्शनासाठीं त्यांचें पार्थिव बालगंधर्व रंगमंदिरांत ठेवण्यांत आलें. ज्या नटानें आयुष्यभर थांबण्याचें मोल दाखविलें, त्याच्या मृत्यूपर्यंतहि लोकांना थांबवलें नाहीं. कलावंताला घरचा माणूस मानावयाचें, तर घरच्या माणसाच्या उशाशीं बसतांना जो धीर आपण धरतों, तोहि त्याच्यासाठीं धरावयास नको काय?