आपलं पत्र कोण लिहितंय?

(युवक शिबिरातलं भाषण)

मी गोदीत माल उचलतो आणि कविता लिहितो. म्हणून उस्मान सेंबेन मला माझ्याच टोळीतला वाटतो. पश्चिम आफ्रिकेतल्या सेनेगलचा हा माणूस 1923 साली कोळ्याच्या घरात जन्मला. शाळा अर्ध्यावर सुटली. दुसऱ्या महायुद्धात फ्रेंचांच्या फौजेत गेला. नंतर पोटासाठी फ्रान्स गाठलं आणि मार्सेलिसच्या गोदीत ओझी वाहिली. तिथं पाठ जायबंदी झाली. तिथंच तो युनियनमध्ये आला, कम्युनिस्ट झाला, वाचत सुटला. 1956 साली पहिली कादंबरी आली. नाव काय, तर 'काळा गोदी कामगार'!

1960 साली सेनेगल स्वतंत्र झाला. सेंबेन परतला आणि हादरला. पुस्तकं फ्रेंचमध्ये. ज्यांच्यावर लिहिली त्यांनाच वाचता येईनात. दुसरा असता तर पुरस्कार मोजत बसला असता. हा चाळिशीला टेकलेला गडी मॉस्कोला जाऊन सिनेमा शिकला. सिनेमा ही आमची रात्रशाळा, असं तो म्हणायचा.

1963 सालचा त्याचा 'बोरोम सारेत' जेमतेम वीस मिनिटांचा आहे. डाकारचा एक गरीब गाडीवाला साहेबांच्या वस्तीत शिरतो. तिथं गाडीला बंदी. पोलीस गाडी जप्त करतो. गाडीवाल्याचं फौजेतलं पदक खाली पडतं, त्यावर पोलिसाचा बूट पडतो. भाषण नाही, काही नाही. फक्त बूट.

1966 सालच्या 'ला न्वार द...' मध्ये दियुआना ही मोलकरीण फ्रान्समध्ये साहेबाच्या घरात कोंडली गेलीय. तिला लिहिता येत नाही. आईचं पत्र येतं, तर साहेबच तिच्या वतीनं उत्तर लिहायला बसतो. ती पत्र फाडून टाकते. पुढं ती जीव देते. मित्रांनो, आपल्या वतीनं दुसरे लिहितात ते आपलं पत्र नसतं, हे तिला कळलं होतं.

या सिनेमात सेंबेन स्वतः मास्तर झालाय. 1968 सालच्या 'मंदाबी'त तो लोकांची पत्रं लिहून देणारा झाला. हीरो नाही. आणि हा सिनेमा त्यानं वोलोफ या लोकांच्या बोलीत केला. त्यात म्हाताऱ्याला पॅरिसहून पुतण्याची मनिऑर्डर येते, पण ओळखपत्र नाही म्हणून पैसे हाती पडत नाहीत. शेवटी सुटाबुटातला आपलाच माणूस त्याला लुबाडतो. गोरे गेले, साहेब राहिले!

1977 साली 'सेद्दो' आला. सरकारनं तो अडवला. सबब काय, तर नावात एक 'द' जास्त! राष्ट्राध्यक्ष सेंगोर स्वतः फ्रेंचमधले मोठे कवी. कवी सत्तेवर बसला की काय करतो ते बघा.

तरी सेंबेन थांबला नाही. 2004 साली, ऐंशी उलटल्यावर, मुलींची सुंता करण्याच्या रूढीविरुद्ध त्यानं 'मूलादे' केला. 2007 साली डाकारला गेला.

आता आपलं. मागचा अंक मी गोदीत नेला. टोळीतल्या म्हाताऱ्या काकांनी तो उलटसुलट केला, मुखपृष्ठ पाहिलं आणि त्यावर भाकरी ठेवून जेवले. मला राग आला. मग लाज वाटली. माझी कविता त्यांच्या घामावर, आणि त्यांनाच बंद!

आपल्या जलसेकऱ्यांना हे कळलं होतं. बाबासाहेबांचा विचार त्यांनी गाऊन वाडीवस्तीवर नेला. आपण मात्र एकमेकांनाच वाचून दाखवतोय. पुढचा अंक मी जेवणाच्या सुट्टीत टोळीत मोठ्यानं वाचणार आहे. काका उठून गेले तर समजेन, कविता कच्ची आहे.

जय भीम!