सही करण्यापूर्वी

(ट्रस्टच्या महोत्सवानिमित्त कोसाड येथे केलेले भाषण)



चित्रपट म्हटला की नटनटी आठवतात. वकील कुणाला आठवत नाही. पण कॅमेरा सुरू होण्याआधी करारपत्र होते, आणि ते समजावून देणारा वकीलच असतो.

१९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला, की निर्मात्याने पैसे देऊन गीत-संगीत करवून घेतले व करारात वेगळे ठरले नसले, तर हक्क निर्मात्याचा. गाणे वर्षानुवर्षे वाजो. कवीला पहिली बिदागी तेवढी! २०१२ साली संसदेने कायदा सुधारला. त्यासाठी जावेद अख्तर राज्यसभेत बोलले. आता चित्रपटगृहातील खेळाखेरीज गाण्याचा वापर झाला, तर गीतकार-संगीतकाराला स्वामित्वधनाचा समान वाटा मिळावा लागतो. तो हक्क सोडून दिल्याची सहीसुद्धा चालत नाही.

माझ्या एका विद्यार्थ्याने गाणी लिहून दिली आणि न वाचता सही केली. त्याचे नावही कुठे लागले नाही. तो कागद घेऊन माझ्याकडे आला, तेव्हा त्यातल्या अर्ध्या ओळी मलाही उलगडल्या नाहीत. मास्तर असून मी गप्प बसलो.

म्हणून विश्वस्तांना विनंती, की एक शिष्यवृत्ती कायदा शिकणाऱ्यासाठी ठेवावी. आणि मुलांनो, समजल्याखेरीज सही करू नका.