वस्तीच्या सोयी आणि न्यायालय



घर म्हणजे केवळ चार भिंती आणि वर छप्पर नव्हे. पाणी, सांडपाण्याचा निचरा, शौचकूप, दिवे व रस्ता यांवाचून वस्ती उभी राहते, पण राहण्याजोगी होत नाही. या सोयी पुरविण्याचे कर्तव्य कायद्याने नगरपालिकेवर सोपविले आहे. ते पार पाडले गेले नाही तर नागरिकाने काय करावे? या प्रश्नाचे उत्तर मध्य प्रदेशातील रतलाम शहराच्या एका प्रभागाने मिळविले.

रतलामच्या न्यू रोड भागात गटारे उघडी होती. सार्वजनिक शौचकूप नसल्यामुळे गरिबांना रस्त्याच्या कडेचाच आश्रय घ्यावा लागे. मद्यार्काच्या कारखान्याचे दुर्गंधीयुक्त पाणी वस्तीत येई व साचलेल्या डबक्यांत डास वाढत. रहिवाशांनी नुकसानभरपाई मागितली नाही. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या १३३व्या कलमाचा आधार घेऊन ते दंडाधिकाऱ्याकडे गेले. सार्वजनिक उपद्रव दूर करविण्याचा अधिकार हे कलम दंडाधिकाऱ्यास देत असे. अर्जदाराचे स्वतंत्र नुकसान झालेच पाहिजे, अशी अट त्यात नव्हती.

नगरपालिकेने दोन सबबी पुढे केल्या. पहिली अशी की, परिसर अस्वच्छ आहे हे ठाऊक असूनही लोक आपखुशीने तेथे राहावयास आले. त्यांना तक्रारीचा हक्क नाही. दुसरी, तिजोरीत पैसा नाही. दंडाधिकाऱ्याने त्या अमान्य करून उपाययोजनेचा आदेश दिला. सत्र न्यायालयाने तो रद्द केला, उच्च न्यायालयाने तो उचलून धरला, आणि नगरपालिका सर्वोच्च न्यायालयात गेली.

जुलै १९८० मध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर व न्यायमूर्ती चिन्नप्पा रेड्डी यांनी निर्णय दिला. निधीची टंचाई ही वैधानिक कर्तव्यातून सुटण्याची वाट होऊ शकत नाही, हे त्याचे सार होय. तथापि न्यायालय उपदेश करून थांबले नाही. सुमारे ६ लाख रुपयांच्या, आवाक्यातील योजनेस त्याने मान्यता दिली. सहा महिन्यांत पुरेसे शौचकूप बांधण्यास सांगितले. कारखान्याचे सांडपाणी रोखण्याचा व डासांचा बंदोबस्त करण्याचा आदेश दिला. राज्य शासनाने अनुदान वा कर्ज देऊन साहाय्य करावे, असेही सुचविले. तत्त्वाला मुदतीची व देखरेखीची जोड मिळाली, हे या निर्णयाचे खरे महत्त्व.

पुढे १९८१ च्या अखेरीस एस. पी. गुप्ता खटल्यात, जे स्वतः न्यायालयाची पायरी चढू शकत नाहीत त्यांच्या वतीने दुसऱ्यानेही दाद मागावी, हे तत्त्व मान्य झाले आणि जनहित याचिकेचे दार रुंद झाले. १९९६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चमेली सिंग खटल्याच्या निकालात, निवाऱ्याच्या हक्कात पाणी, वीज, स्वच्छता व रस्ते यांचाही समावेश होतो, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले.

पण जुनी सबब नवा वेष घेऊन परत येते. मुंबईत १ जानेवारी २०००नंतरच्या झोपड्यांना पालिकेचे पाणी नाकारले जात असे. येथेही रोख राहणाऱ्यांच्या येण्यावरच होता. डिसेंबर २०१४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने निर्वाळा दिला की, झोपडी अनधिकृत असली तरी तीत राहणाऱ्या माणसाचा पिण्याच्या पाण्याचा हक्क बुडत नाही. अधिकृत रहिवाशांच्या बरोबरीने पुरवठा मागण्याचा हक्क मात्र न्यायालयाने मान्य केला नाही. त्यासाठी धोरण आखण्याचे काम पालिकेवर सोपविले.

न्यायालयाला नळ जोडता येत नाही, गटारही खणता येत नाही. मुदत संपल्यावर काम झाले की नाही, हे विचारणारा रहिवासीच नसेल, तर उत्तम निकालपत्रही दप्तरात पडून राहते. १ जुलै २०२४ पासून जुन्या संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. दंडाधिकाऱ्याचा तो अधिकार तिच्या १५२व्या कलमात कायम आहे. रतलामकरांनी ज्या दारावर प्रथम थाप मारली, ते जिल्ह्याच्या ठिकाणी आजही उघडे आहे.